बेचाळीस सेकंदांचा लाइल

लाइल ओस्ट्रँडर हिरो झाला तो एका अंड्याच्या सँडविचमुळे. हे मी खात्रीनं सांगते, कारण ते सँडविच आधी मला देऊ केलं होतं आणि मी नको म्हटलं होतं.

१९५३ सालचा मे महिना. मोहावेच्या वाळवंटात आमच्या कंपनीच्या पहिल्या सिनेमाचा पहिला दिवस. सिनेमा एका महाकाय गोमेचा होता. कंपनी म्हणजे हॉलिवूडात गावर स्ट्रीटच्या मागं एक पत्र्याची शेड, तिला चिकटून लाँड्री, आणि शेडचे मालक बार्नी झेलनिक. मी कपडेपट सांभाळायचे. ओपल डिट्झ माझं नाव, पण पडद्यावर ते कधी आलं नाही, त्यामुळे लक्षात ठेवायची गरज नाही.

झेलनिकसाहेबांनी नॅशनल गार्डमधल्या एका कर्नलला गाठून नऊ रणगाडे आणि दोनशे जवान फुकटात मिळवले होते. म्हणजे त्यांची कवायत तिथं होणारच होती, आम्ही फक्त समोर कॅमेरे लावायचे. कवायत अकराला संपणार, रणगाडे परत जाणार. गोम नंतर शेडमध्ये काढायची होती, तेव्हा ती हजर असायचं कारण नव्हतं. हिरो मात्र हवा होता, रणगाड्यांसमोरून पळायला.

हिरोनं उन्हात राहिलेलं ते सँडविच खाल्लं आणि साडेनऊला तो तंबूमागं गेला. दहा वाजता एक जण बघून आला आणि म्हणाला, "येतो म्हणतोय." सव्वादहाला पुन्हा जाऊन आला. म्हणाला, "आता तसंही म्हणत नाहीये."

साहेबांनी आजूबाजूला बघितलं. लाइल तिथं एका दिवसासाठी आला होता, 'घाबरलेला गृहस्थ क्रमांक दोन' म्हणून. छत्तीस वर्षांचा, नेब्रास्कातल्या हॅडली गावचा, बापाचं फर्निचरचं दुकान सोडून आलेला. उंची बरी, जबडा बरा, मिशी बारीक.

"तुला पळता येतं का रे?" साहेबांनी विचारलं.

"कुणापासून, साहेब?"

"ते नंतर ठरवू."

मी हिरोचा चौकड्यांचा कोट लाइलच्या अंगात कोंबला. घाईत मधलं बटण उडालं, वाळूत गेलं, सापडलं नाही. कॅमेरे सुरू झाले. लाइल पळाला. डाव्या खांद्यावरून मागं बघितलं, ठेचकाळला, पडला, उठला, डोळ्यांवर हात धरून क्षितिजाकडं बघितलं आणि रणगाड्यांकडं बोट करून काहीतरी ओरडला. मागं नऊच्या नऊ रणगाडे धडाडत होते. आणि उजव्या कोपऱ्यात आमची जेवणाची गाडी उभी होती, जी हलवायची कुणालाच आठवण झाली नाही. गाडीतला स्वयंपाकी एका जवानाला सूप देताना स्वच्छ दिसतो.

सगळं मिळून बेचाळीस सेकंद.

दुसऱ्या दिवशी आम्ही ते पडद्यावर बघितलं. गोम नसतानाही गोम दिसत होती, लाइल इतका छान घाबरला होता. आधीचा हिरो पिवळा पडून बसला होता. तो म्हणाला, "माझं पळणं मीच पळणार. रणगाडे परत बोलवा."

"रणगाडे येणार नाहीत," साहेब म्हणाले. "तू जाऊ शकतोस."

अशा रीतीनं लाइल ओस्ट्रँडर हिरो झाला. बेचाळीस सेकंद ज्याचे, सिनेमा त्याचा.

पुढं आमची पद्धतच पडली. वर्षातनं दोनदा साहेब थिएटरमालकांना एका हॉटेलात जेवायला घालायचे आणि सिनेमांची नुसती नावं वाचून दाखवायचे. ज्या नावाला जास्त माना डोलतील त्याचं पोस्टर रंगवायचं. पोस्टर बघून लेखक गोष्ट लिहायचा. गोष्ट वाचून मी आणि सुतार मिळून राक्षस बनवायचो. शेवट तेवढा कधीच लिहावा लागायचा नाही. शेवट फिल्मच्या डब्यात तयार होता.

पाच वर्षांत सात सिनेमे झाले. चालणारं निवडुंग आलं, भूछत्रं आली, शुक्रावरच्या बायका आल्या. प्रत्येक वेळी शेवटी लाइल बटण नसलेला चौकड्यांचा कोट घालून वाळवंटात जायचा आणि तेच बेचाळीस सेकंद पळायचा. एक सिनेमा समुद्राच्या तळाशी घडत होता. लेखकानं विचारलं, "साहेब, हा ऑक्टोपस शेवटी वाळवंटात कशाला येतो?"

"हवापालट," साहेब म्हणाले.

जेवणाच्या गाडीचंही बघावं लागायचं. म्हणून प्रत्येक सिनेमात रणगाड्यांच्या आधी कुणीतरी म्हणायचं, "जेवणाची गाडी आली वाटतं." चंद्रावरच्या सिनेमातही म्हणायचं. तिथं ते वाक्य ज्या नटाच्या वाट्याला आलं त्यानं साहेबांना एवढंच विचारलं की हे बोलताना चेहरा कसा ठेवू. साहेब म्हणाले, "भुकेला."

या सगळ्याचा भार लाइलच्या पोटावर होता. १९५३ सालच्या मे महिन्यातला लाइल डब्यात पळत होता आणि बाहेरच्या लाइलनं त्याच्यासारखं दिसायचं होतं. तोच कोट, तीच मिशी, तोच भांग, तीच चौतीसची कंबर. पाच वर्षं त्यानं ग्रेपफ्रूट आणि पनीर खाल्लं. कोपऱ्यावरच्या डोनटच्या दुकानावरून जाताना तो रस्ता ओलांडायचा.

"कशासाठी एवढं करतोस रे?" मी एकदा कोटाची शिवण उसवता उसवता विचारलं.

"आईसाठी," तो म्हणाला. "तुला खोटं वाटेल."

खोटं कशाला वाटेल. त्याच्या आईची, मिनी ओस्ट्रँडरबाईंची पत्रं तो मला वाचून दाखवायचा. लाइलचा सिनेमा हॅडलीला लागला की पहिल्या शनिवारी बाई चर्चच्या शिवणमंडळातल्या अकरा जणींना घेऊन थिएटरवर जायच्या. आत जायच्या आधी सगळ्यांना पाटीखाली उभं करायच्या आणि पाटीवरचं मुलाचं नाव मोठ्यानं वाचायच्या, कारण दोघीतिघींना लांबचं दिसायचं नाही. मग आत. सिनेमा कसा होता याबद्दल पत्रात कधी काही नसायचं. 'पाटीवर नाव नीट होतं' एवढं असायचं. बाप वारल्यावर दुकान विकून आईनं लाइलला लिहिलं होतं, आता परत यायला काही उरलं नाही, तेव्हा तिथंच नीट कर. त्यामुळे लाइलला ऑस्करबिस्कर नको होतं. हॅडलीच्या पाटीवर नाव राहिलं म्हणजे झालं.

पण शरीर काही ऐकत नाही. अठ्ठावन्न साली लाइल एक्केचाळीसचा झाला आणि ग्रेपफ्रूट खाऊनच फुगायला लागला. मी कोटाच्या सगळ्या शिवणी उसवल्या. कापड संपलं तेव्हा कोट पाठीवर सरळ कापला आणि सेफ्टी पिना लावल्या. समोरून ठीक दिसायचं. फक्त लाइलनं वळायचं नाही आणि खोल श्वास घ्यायचा नाही.

मग ओहायोतल्या एका थिएटरमालकाचं पत्र आलं. साहेबांनी ते आम्हाला वाचून दाखवलं. 'तुमचा हिरो मोटारीतून उतरतो तेव्हा जाड असतो. पळायला लागला की बारीक होतो. त्याच्या डोक्यावर केस येतात. रणगाड्यांपाशी पोचला की पुन्हा जाड आणि टकला. आमच्याकडे लोक राक्षसाला घाबरत नाहीत, हिरोची वाट बघतात.'

साहेबांनी पत्राची घडी केली. "लाइल, राजा, काय करू या?"

"मी वजन कमी करतो."

"केसांचं काय?"

लाइलनं भांगावरून हात फिरवला.

पुढच्या सोमवारी साहेब एका पोराला घेऊन आले. टॅड मॅकलारी, वय सत्तावीस, पेट्रोल पंपावर काम करायचा. साहेब पेट्रोल भरायला गेले आणि काचेतून लाइल दिसला, त्रेपन्न सालचा. तोच जबडा, तीच उंची. मिशी साहेबांनी तिथंच ठेवायला सांगितली होती.

"हे बघ," साहेब म्हणाले, "माझ्यावर अन्यायाचा ठपका नको. दोघांची परीक्षा घेऊ."

परीक्षा अशी. पडद्यावर बेचाळीस सेकंद लावायचे, खाली दोघांनी पाळीपाळीनं कोट घालून उभं राहायचं, आणि पडद्यावरच्या माणसासारखा जास्त कोण दिसतो ते परीक्षकांनी सांगायचं. जनता हवी म्हणून साहेबांनी शेजारच्या लाँड्रीतल्या पाच बायका बोलावल्या. सहावी मी.

आधी टॅड उभा राहिला. मग कोट उतरवून लाइलला दिला. मी मागून पिना लावल्या. एक पिन तेवढ्यात तुटली.

"पहिला," लाँड्रीतली इस्त्रीवाली रोझा लगेच म्हणाली.

"अगं, तो दुसरा खुद्द आहे," मी म्हटलं.

"खुद्द कोण?"

"पडद्यावरचा. तोच तो."

रोझानं पडद्याकडं बघितलं, लाइलकडं बघितलं, पुन्हा पडद्याकडं. "काहीतरीच काय सांगतेस, बाई," ती म्हणाली. "याचा काका असेल."

पाच विरुद्ध एक. लाइल स्वतःसारखा दिसण्यात हरला.

"साहेब," तो म्हणाला, "तो मी आहे."

"होतास. त्यावर वाद नाहीच."

"पाटीवर नाव कुणाचं येणार?"

"जो बोलेल त्याचं. टॅडचं."

लाइल कोट काढायला लागला तर निघेना. मी पाठीमागून सोडवत होते तेव्हा तो हळूच म्हणाला, "ओपल, शनिवारी अकरा बायका पाटीखाली उभ्या राहतील आणि आई टॅड मॅकलारी वाचेल."

मग त्यानं साहेबांना विचारलं, दुसरं काही काम आहे का. साहेबांनी डोकं खाजवलं. नवीन सिनेमा बटाट्यावरच्या किड्याचा होता, दोन माणसं उंच, पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचा. आत माणूस लागायचा. आधीचा माणूस निवडुंगाच्या रबरी पोशाखात चक्कर येऊन पडल्यापासून पुन्हा रबरात शिरायला तयार नव्हता.

"किडा आहे," साहेब म्हणाले. "पण किड्याचं नाव येत नाही. आत कोण आहे हे सांगितलं की मुलं घाबरत नाहीत. आणि टॅडला ते मागं बघायचं तेवढं शिकव."

लाइल हो म्हणाला. मी माप घ्यायला टेप काढली तर त्यानं पोट आत ओढून श्वास रोखला.

"लाइल, किड्याचं माप घेतेय मी."

"सवय," तो म्हणाला, पण पोट सोडलं नाही. मी अंदाजानं सेहेचाळीस लिहिलं.

मागं बघायचं शिकवणं सोपं नव्हतं. लाइल लहानपणी गवताच्या माळ्यावरून पडला होता, तेव्हापासून त्याची मान उजवीकडं वळतच नाही. जे काय बघायचं ते तो डाव्या खांद्यावरून बघायचा, आणि आधी खांदा जायचा, मग मान. टॅडची मान निरोगी होती. ती आपली उजवीकडंच जायची.

"डावीकडं बघ," लाइल म्हणायचा.

"राक्षस उजवीकडं असला तर?"

"तरी डावीकडं."

"मग मला तो दिसणार कसा, काका?"

"न दिसताच घाबरायचं. मी पाच वर्षं तेच केलंय. आणि काका म्हणू नकोस."

शेवटच्या दिवशी प्रयोगशाळेतला प्रसंग होता. टॅडनं पळायचं, मागं बघायचं, दारातून निसटायचं. किड्यानं दारात अडकायचं, कारण तो दारापेक्षा रुंद होता. फिल्म एका वेळेपुरतीच उरली होती, त्यामुळे चुकायचं नाही हे साहेबांनी सगळ्यांना दोनदा सांगितलं. नेमक्या डाव्या बाजूला सुतारानं बाटल्यांचं कपाट ठेवलं होतं.

टॅड पळाला. आयुष्यात पहिल्यांदा त्याला आठवलं आणि त्यानं डावीकडं मान वळवली. वळवलेल्या मानेनं तो सरळ कपाटात घुसला आणि बाटल्यांसकट आडवा झाला. मागून लाइल आला. किड्याच्या तोंडात बघायला दोन भोकं होती, तीही एकमेकांपासून इतकी लांब की एका वेळी एकच डोळा लावता यायचा. तो टॅडला अडखळला आणि त्याच्यावर पडला. त्या रबरात पडलं की आपलं आपण उठता येत नाही. मग तो तिथंच राहिला, सहाही पाय संथपणे हलवत. खालून टॅड ओरडत होता, तो हळूहळू कमी झाला. थांबा असं कुणी म्हटलं नाही, म्हणून कॅमेरावाला चालवतच राहिला.

दोन हमालांनी मागून दोरीनं किड्याला उभं केलं. त्यांना वाटलं सगळं संपलं. लाइलला आतून काहीच कळत नव्हतं, त्यामुळे तो ठरल्याप्रमाणं दाराकडं निघाला. दाराशी पोचल्यावर तो थांबला. आधी डावा खांदा गेला, मग ते एवढं मोठं डोकं. जमिनीवर पडलेल्या टॅडकडं किड्यानं वळून बघितलं. बराच वेळ. असं करायला कुणी सांगितलं नव्हतं. मग मान खाली घातली आणि दारात अडकला.

लाँड्रीच्या दारातून रोझा बघत होती, तिच्या हातातली इस्त्री कुणाच्या तरी शर्टावर तशीच राहिली होती. वास आला तेव्हा सगळे भानावर आले.

"हिरो मेला?" साहेबांनी विचारलं.

"पडद्यावर मेला," कॅमेरावाला म्हणाला. "एरवी गुडघा खरचटलाय."

"फिल्म?"

"संपली."

"आणि पुढं बेचाळीस सेकंद कोण पळणार?"

सगळ्यांनी लेखकाकडं बघितलं. लेखक सफरचंद खात होता. "त्याचा भाऊ," तो म्हणाला.

"तसाच दिसणारा?"

"जुळा."

"तसाच कोट?"

"आईनं दोघांना एकसारखे कपडे घेतले होते."

"बटण?"

"दोघांचंही आईनं लावलं नाही."

"घ्या," साहेब म्हणाले.

सिनेमा तसाच लागला. हिरोला किडा खातो, त्याचा जुळा भाऊ कुठूनसा येतो आणि रणगाडे बोलावतो. म्हणजे नव्या लाइलच्या मागं रबरातला लाइल आणि पुढं पळतोय तो त्रेपन्न सालचा लाइल. पोस्टरवर मात्र टॅड मॅकलारी.

लाइलनं आईला काहीच कळवलं नव्हतं. चार वेळा पत्र सुरू केलं आणि चारही माझ्या कात्रीखालच्या टोपलीत टाकली. हॅडलीचा शनिवार आला, गेला. रविवार, सोमवार तो कपडेपटात येऊन बसायचा आणि बटणांची बरणी रंगांप्रमाणं लावायचा. बुधवारी पत्र आलं. त्यानं ते माझ्याकडं दिलं.

"तू वाच," तो म्हणाला. "पाटीबद्दल असेल तेवढं सोडून."

मी वाचलं. सोडायची वेळ आली नाही.

'लाइल, पाटीवर कुणा टॅडचं नाव होतं. मी वाचलं नाही. बायकांना म्हटलं, छापणाऱ्याची चूक असेल, आत चला. आत एक पोरगा तुझी मिशी लावून फिरत होता. मार्थानं विचारलं, मिनी, लाइल इतका तरुण कसा झाला? मी म्हटलं, हा माझा नव्हेच. मी मोठ्यानं म्हटलं, पुढच्या रांगेतले वळून बघायला लागले. मग किड्यानं त्याला खाल्लं. मला वाईट वाटलं नाही. मग दारात किड्यानं वळून बघितलं आणि मी उभी राहिले. मी म्हटलं, हा. हा लाइल आहे. डॉक्टर म्हणाले होते मान सुधारेल, सुधारली नाहीच. थिएटरवाल्यानं येऊन खाली बसायला सांगितलं, तर मार्थानं त्याला सगळं समजावलं, माळ्यापासून. शेवटी रणगाड्यांनी तुला मारलं तेव्हा अकराही जणींनी रुमाल काढले. त्यात तू पळत होतास तो जुना फोटो आहे, मी ओळखला, तो मी सात वेळा बघितलाय. त्यात तू फार वाळलेला होतास, मी कधी बोलले नाही. किडा चांगला भरलेला दिसला. बरं वाटलं. रविवारी चर्चमधून येताना बघितलं तर पाटी बदलली होती. वर लिहिलं होतं, किडा: हॅडलीचा लाइल ओस्ट्रँडर. नाव नीट होतं.'

लाइलनं पत्र परत घेतलं, घडी केली, उघडलं, पुन्हा घडी केली. नाक शिंकरायला त्यानं चौकड्यांचा कोटच उचलला होता, तो मी काढून घेतला. टॅडला लागणार होता.

त्याच दुपारी साहेब हातात तार घेऊन आले. "हॅडलीच्या थिएटरवाल्याची तार आहे. किड्याचं नाव कुणाला विचारून लावलंस म्हणून झाडणार होतो त्याला. तर हा म्हणतो आजूबाजूच्या सहा गावांतनं लोक येतायत, दुसरा आठवडा लावलाय, आणि पुढचा राक्षसही ओस्ट्रँडरच हवा, नावासकट." त्यांनी लाइलकडं बघितलं, जरा रागानंच. "तुला आई आहे हे आधी सांगायचं नाही का रे?"

"पुढचा राक्षस कोण आहे, साहेब?"

"बेडूक. पोस्टर रंगवून झालंय. खाली जागा आहे, नाव बसेल." मग माझ्याकडं वळून म्हणाले, "बेडूक जरा ऐसपैस हवा. पोस्टरवर तरी तसा दिसतोय. उद्या सकाळी माप घे."

सकाळी लाइल डोनटच्या दुकानातली कागदी पिशवी घेऊन आला. रस्ता न ओलांडता आला असावा. पिशवीत सहा होते, त्यातला एक त्यानं मला दिला. मी बोटं पुसून टेप काढली आणि त्याच्या कमरेभोवती धरली. त्यानं पोट आत ओढलं, श्वास रोखला. मी टेप धरून वाट बघत राहिले. थोड्या वेळानं त्यालाच आठवलं आणि त्यानं सोडलं.

"किती?" त्यानं विचारलं.

"थांब," मी म्हटलं, "अजून येतंय."